ठोक्यावर ठेवलेला तळहात

मॅडम, आज मी दवाखान्यात ओरडले. ओरडले कसली, बोंबललेच. "वर आहे! वर आहे!" असं दोनदा, सोनोग्राफीचा प्रोब हातात तसाच. बाहेर नंबर लावून बसलेल्या बायकांना वाटलं काहीतरी अघटित झालं. रिसेप्शनवरची मुलगी धावत आत आली. टेबलावर झोपलेली बाई मान उचलून विचारते, "डॉक्टर, काय वर आहे? चांगलं का वाईट?" तेव्हा कुठे मी भानावर आले. म्हटलं, "अगं बाई, चांगलं! इतकं चांगलं की आज मला पेढा हवा." तुम्ही असतात तर माझा कान धरला असता. "फटाकडे, पेशंटसमोर आवाज चढवायचा नाही," हे तुम्ही मला किती वेळा सांगितलंत आणि मी किती वेळा विसरले, देवच जाणे. तुम्हाला जाऊन अकरा वर्षं झाली. पण ही बातमी दुसऱ्या कुणाला सांगू? नवऱ्याला फोन केला, तर तो म्हणाला, "अरे वा!" आणि लगेच विचारलं, येताना कोथिंबीर आणशील का. म्हणून तुम्हालाच लिहायला बसले.

पहिल्यापासून सांगते, नाहीतर म्हणाल, हिच्या बोलण्याला ना शेंडा ना बुडखा. माझा दवाखाना आता चाकणला आहे. माझ्याकडच्या बायका बहुतेक कंपनीत कामाला, नाहीतर कंपनीत कामाला असलेल्यांच्या घरच्या. ही बाई कुरुळीची, गाड्यांच्या वायरी जोडायच्या कंपनीत लाइनवर उभी राहते. दोन वर्षांपूर्वी ती पहिल्यांदा आली, बरोबर सासू. घरी चार वर्षांची मुलगी, तिच्या वेळी सिझर झालेलं. आता पुन्हा दिवस गेलेले, साडेसहा आठवडे, आणि थोडा डाग लागला म्हणून आलेल्या. दोन दिवसांपूर्वी दुसरीकडे सोनोग्राफी झाली होती. त्या कागदावर सगळ्यात ठळक ओळ एकच, ठोका आला आहे. आपल्याकडे ठोका आला म्हटलं की विषय संपला, तुम्हाला ठाऊकच आहे. सासूबाईंनी पेढ्यांचा पुडा आणला होता. तो माझ्या टेबलावर ठेवला आणि मगच सुनेला झोपू दिलं. "घ्या डाक्टरीणबाई, तोंड गोड करा. ठोका आलाय. डागाचं काय, उष्णता झाली आसंल."

मी आतून सोनोग्राफी सुरू केली आणि ठोका दिसला. लुकलुकणारा, अगदी ठणठणीत. बघून मलाही हसू फुटलं. आणि त्याच क्षणी माझा डावा हात आपोआप उठला आणि पडद्यावर, बरोबर त्या ठोक्यावर जाऊन बसला.

ही तुमची सवय. आपल्या दवाखान्यातली ती कोंदट खोली, पंखा खडखडतोय, तुमच्या हातात चहाचा स्टीलचा पेला. आम्ही तिघी शिकाऊ डॉक्टर पडद्याला नाक लावून उभ्या. ठोका दिसला की आमचे चेहरे फुलतात, आणि तुम्ही पेला खाली ठेवून सरळ पुढे येता आणि ठोक्यावर तळहात ठेवता. "आता सांगा, काय दिसतंय?" आम्ही तुमच्या बोटांच्या फटीतून ठोकाच शोधतोय. "का गं? ठोका झाकला की आंधळ्या झालात? जीव आहे हे कळलं. तो राहतोय कुठे ते सांगा." मग आम्ही गर्भाशयाचा वरचा भाग बघायचो, मग तोंड, मग जुन्या सिझरचा टाका, आणि तिन्ही ठिकाणं तोंडाने बोलून दाखवली की मगच तुम्ही हात काढायचात. पडद्यावर तुमच्या बोटांचे ठसे राहायचे, ते मी पुसायचे.

तर त्या दिवशी हात ठेवून बघितलं. गर्भाशयाचा वरचा भाग रिकामा. अस्तराची पांढरी रेघ स्वच्छ, आत कुणीच नाही. खाली तोंडाशी, तेही रिकामं. मग गर्भ कुठे? पुढच्या बाजूला, जुन्या सिझरच्या टाक्याला जी खाच पडलेली असते, तिच्यात शिरून बसलेला. त्याच्या आणि लघवीच्या पिशवीच्या मध्ये जेमतेम तीन मिलिमीटरचा पापुद्रा. पडायला आलेला गर्भही कधीकधी घसरत येऊन तिथे दिसतो, म्हणून प्रोबने हलकेच दाबून पाहिलं. घसरता गर्भ असता तर सरकला असता. हा जागचा हलेना. डॉपलर लावला, तर टाक्यातूनच त्याला रक्त पोचत होतं, चहूबाजूंनी. मॅडम, मला भीती वाटायला हवी होती, आणि खोटं कशाला बोलू, मला आनंद झाला. सापडलं! फुटायच्या आधी सापडलं! मग टेबलावरच्या बाईकडे लक्ष गेलं. ती रुमाल पिळत माझ्या तोंडाकडे बघत होती. मला माझीच लाज वाटली.

कारण न सापडलेली एक आपल्या दोघींना माहीत आहे. सोळा वर्षांपूर्वीची, भोसरीच्या वर्कशॉपात पॅकिंग करणारी. तिच्या कागदावरही लिहिलं होतं, ठोका आहे, सर्व ठीक. अक्षर माझं. पंधरा दिवसांनी ती रक्तात भिजून आली. नेहमीचा गर्भपात समजून आतून खरवडायला, क्युरेटिंग करायला घेतलं आणि जुन्या सिझरचा टाका फाटला. तुम्ही धावत आलात, जीव वाचवलात, पण गर्भाशय काढावं लागलं. तिला दुसरं मूल फार हवं होतं. त्यानंतर तुम्ही पडद्यावर हात ठेवायला लागलात. ठेवायचात सगळ्यांच्याच पडद्यावर, पण तो कुणासाठी होता ते मला कळत होतं.

आता कुरुळीच्या सासूबाईंना सांगायचं कसं? मी म्हटलं, "मावशी, गर्भ जिवंत आहे, पण नको तिथे रुजलाय. सिझरचा टाका ही सगळ्यात कच्ची जागा. गर्भ वाढला की ती जागा फुटेल, नाहीतर गर्भाची वार टाक्यातून थेट लघवीच्या पिशवीत घुसेल. रक्तस्राव झाला तर हिच्या जिवावर बेतेल. हा गर्भ काढावा लागेल, आणि लवकर."

"ठोका हाय ना पण?"

"आहे."

"मंग? जित्ता जीव काढायचा व्हय? आमी न्हाई काढणार." त्यांनी पेढ्यांचा पुडा उचलला आणि परत पिशवीत घातला. "आमच्या आळीत सिझर झालेल्या धा बाया हायेत. समद्यांची दुसरी बाळं नीट झाली."

तेवढ्यात कंपनीच्या युनिफॉर्मवरच नवरा आला, फर्स्ट शिफ्ट अर्धी टाकून. तो बिचारा हात जोडून म्हणतो, "मॅडम, थोडे दिवस थांबून बघू ना. आपोआप वर सरकत असेल." माझं डोकं सटकलं. "सरकायला ती काय लिफ्ट आहे का हो?" असं माझ्या तोंडून गेलंच. त्याने जोडलेले हात खाली घेतले. लगेच तुमचा आवाज कानात, तू चिडलीस की पेशंट दार उघडून जातो आणि परत येत नाही. मी एक घोट पाणी प्यायले. म्हटलं, "भाऊ, चुकलं माझं. पण रोप जिथे लागतं तिथेच मुळं धरतं ना? तसं आहे हे. रोज मुळं खोल चाललीत."

तेव्हा ती बाईच बोलली. "माझी पोरगी बालवाडीत जाते. तिला आणायला मी असेन का, एवढंच सांगा."

"आज ऐकलंस तर असशील. थांबलीस तर मी शब्द देऊ शकत नाही."

मग मला सुचलं. सासूबाईंना हाताला धरून मशीनपाशी नेलं, पडद्यावर थांबवलेलं चित्र होतं, त्यातल्या गर्भावर पुन्हा तळहात ठेवला. "मावशी, आता गर्भ बघायचा नाही. मी झाकलाय. बाकीचं बघा." त्यांनी चष्मा लावला, पदर सावरला, वाकून बघितलं. "ही काळी जागा कसली?" म्हटलं, लघवीची पिशवी. "आन मधी ह्ये बारीक काय?" म्हटलं, तेवढंच आहे मध्ये, तेच फुटणार. बाई बराच वेळ बघत राहिल्या. "पापडावानी हाय की गं," असं सुनेकडे वळून म्हणाल्या, आणि मग मुलावर खेकसल्या, "उभा काय ऱ्हायलास खांबावानी? गाडी काढ! नातवंडाचं म्होरं बघू. ही ग्येली तर कुठनं आणू?"

दुपारी आम्ही पिंपरीतल्या एका मोठ्या हॉस्पिटलात होतो, जिथे रक्त हाताशी आणि माझी वर्गमैत्रीण सर्जन. इंजेक्शन देऊन गर्भ विरघळायची वाट बघायची, दुर्बिणीने टाक्याची जागाच कापून पुन्हा शिवायची, की सोनोग्राफीत बघत बघत नळीने ओढून घ्यायचं, यावर आम्ही दोघी भांडलो. ठोका चालू असताना नुसत्या इंजेक्शनवर विसंबायला मी तयार नव्हते. पापुद्रा अजून तीन मिलिमीटर होता, म्हणून नळी ठरली. दुर्बीण तयार ठेवली, रक्ताच्या बाटल्या तयार, आणि क्युरेटला हात लावायचा नाही हे मी इतक्या वेळा बजावलं की मैत्रीण म्हणाली, "एक तर गप्प बस, नाहीतर दोन मास्क लाव." ती नळी चालवतेय, मी पोटावर प्रोब धरून सांगतेय, अजून खाली, थोडं डावीकडे, बस्स, हळू. गर्भ निघाला आणि रक्त आलं, भळाभळा. मैत्रिणीने कॅथेटरचा फुगा आत सरकवला, पाणी भरून फुगवला, टाक्याच्या जागेवर दाबून बसवला. आम्ही घड्याळाकडे बघत उभ्या. रक्त कमी झालं, मग थेंब थेंब, मग थांबलं. मॅडम, तुम्हाला सांगते, त्या फुग्याची दृष्ट काढायचीच तेवढी बाकी ठेवली मी!

ती शुद्धीवर आली तेव्हा रडली. रडूच दिलं. तो ठोका तिनेही पाहिला होता. सासूबाई तिच्या केसांवरून हात फिरवत बसल्या होत्या. मग दर आठवड्याला रक्ताची तपासणी, गर्भाचं हार्मोन उतरतंय का बघायला. सातव्या आठवड्यात ते उतरलं, गर्भाचा मागमूस राहिला नाही, तेव्हा तिला म्हटलं, आता शरीराला सवड दे, आणि पुढे पाळी चुकली की दुसरीकडे कुठेही न जाता थेट माझ्याकडे ये.

आणि आज ती आली! सहा आठवडे पुरे. बरोबर सासूबाई, हातात पिशवी, पण टेबलावर पुडा नाही. मी मुद्दाम चिडवलं, "मावशी, यंदा हात आखडता?" तर म्हणतात, "आदी तुमी जागा बघा. मंग पेढं." तुमची विद्या, मॅडम, कुरुळीपर्यंत पोचली! मी प्रोब ठेवला, काहीतरी लुकलुकलं, आणि मी डोळे बारीक करून आधी त्यावर हात ठेवला. टाका, रिकामा. तोंड, बंद. मग वर गेले, आणि गर्भ तिथे होता, अगदी वर, टाक्यापासून लांब. पुढे वार कुठे चिकटते त्यावर लक्ष ठेवावं लागेलच, पण जागा बरोबर आहे. तेव्हा मी ओरडले. हात काढला, आणि सासू-सून दोघींनी ठोका बघितला. एक पेढा मी खाल्ला, दुसराही खाल्ला.

बायका गेल्यावर मी खण उघडला. भोसरीच्या त्या बाईचा सोनोग्राफीचा फोटो त्यात आहे. सगळ्यांसमोर विचारणा झाली त्या दिवशी तुम्ही उभं राहून म्हणालात, "माझ्या खोलीत झालं, म्हणजे चूक माझी." त्याआधी मला एकटीला बोलावून विचारलं होतंत, तुला दिसलं कसं नाही? मी म्हटलं, लघवीची पिशवी रिकामी होती, त्यामुळे पोटावरून चित्र नीट येत नव्हतं. फोटो तुमच्या हातात होता. तुम्ही त्याकडे बघितलंत, माझ्याकडे बघितलंत, आणि "जपून ठेव" म्हणून तो मला दिलात. मी तो घेतला आणि पुढे काही बोलले नाही.

त्या कागदावरची छपाई उन्हाशिवायही उडते, तुम्हाला माहीत आहे. आज बघितलं तर तो कोरा आहे. ना ठोका, ना टाका, ना लघवीच्या पिशवीची ती मोठी काळी जागा. आता ते कुणाला दिसणार नाही, आणि हे पत्र पोचणार कुठे, तेही त्याच खणात त्या कागदाखाली जाईल. तरी लिहिते. त्या दिवशी माझ्या चुलतबहिणीची हळद होती आणि मला पावणेसहाची बस पकडायची होती. ठोका दिसला, मी कागद लिहिला आणि उठले. लघवीची पिशवी भरलेली होती, मॅडम. तुडुंब भरलेली होती.