बिनव्याजी ओटी

प्रिय दादा,

तीर्थरूप लिहायला हवं होतं. पण कचेरीत दिवसभर अर्जांवर तीच ती ठरावीक बिरुदं लिहून माझा हात इतका कोडगा झालाय, की तुला लिहिताना ती नकोशी वाटली. रागावू नकोस.

आपली ओटी सुटली रे! आज आठ दिवस झाले, मी रजा घेऊन इथे कल्याणातच आहे. गणूशेटनं तांदळाची पोती हलवली, कोनाडे पुसून घेतले, पुढे बसवलेल्या फळ्या काढल्या आणि कुलपाची किल्ली वहिनींच्या हातात दिली. सतरा वर्षांनी. ही बातमी ज्याला पहिल्यांदा सांगायची, तो तू गेल्या भाद्रपदातच निघून गेलास. मी आलो तेव्हा तुझा ताप डोक्यात चढलेला होता, तू मला ओळखलंही नाहीस. म्हणून हे पत्र. शिवाय आज एक तेलाचा व्यापारी तीच ओटी भाड्यानं मागायला आला होता. महिना सहा रुपये देतो म्हणाला. त्याला काय सांगायचं हे ठरवण्याआधी तुझ्याशी बोलायचं होतं, कारण तुझं न ऐकता मी एकदा ठरवलं होतं आणि त्याचं काय झालं ते तू भोगलंस.

तुला आठवतं, माझं लग्न ठरलं तेव्हा मी कसा तोंड पाडून बसलो होतो? तू म्हणत होतास, दोनशेत सगळं नीट होईल. पण मी नुकताच ठाण्याच्या कचेरीत चिकटलेला! सासरे ठाण्याचे, पंगतीला कचेरीतले मोठे कारकून येणार. मला वाजंत्री हवी होती, शालू हवा होता, दोन दिवस जेवणावळी हव्या होत्या. तिसऱ्या दिवशी तू गणूशेटकडे जाऊन चारशे रुपये ठरवून आलास. घर गहाण, आणि शेकडा दरमहा एक रुपया व्याज.

मग मी माझी अक्कल पाजळली.

"दादा, व्याज द्यायचंच कशाला?" मी म्हणालो. "शेटला तांदूळ ठेवायला बाजारात जागा हवीय. आपली पुढची ओटी त्याला वापरायला देऊ. व्याजाच्या बदली ओटी. आपण चारशे फेडले की तो ओटी सोडणार. एक पैसा व्याज नाही!"

तू ओटीवर मांडी घालून कुणाच्या तरी अंगरख्याला अस्तर लावत होतास. सुई न थांबवता विचारलंस, "आणि मी बसू कुठे रे?"

"मागे माजघरात बस की. सुई काय, कुठेही चालते."

सुई कुठेही चालते! हे कोण म्हणालं? ज्याला सदऱ्याचा तुटलेला बंद लावता येत नाही, तो मी.

कागदही मीच लिहिला. स्टँपाच्या कागदावर माझं वळणदार अक्षर बघून शेट खूश झाला होता. वर्षाकाठी कौलं शाकारायची, भिंतीची डागडुजी करायची, तो खर्च शेटनं करावा आणि मुद्दलात मिळवावा, हे कलमही मी स्वतःच घातलं. वाटलं, आपल्याला आत्ता खिशातून काही काढावं लागत नाही! तू सही केलीस. कागद वाचूनही दाखवायला सांगितलं नाहीस. "तू लिहिलंयस ना?" एवढंच म्हणालास.

त्या ओटीवर तू कसा बसायचास ते मी कधी नीट बघितलंच नव्हतं. पुढची बाजू सगळी रस्त्याला उघडी. सकाळपासून दिवेलागणीपर्यंत उजेड. बंदरावरून येणारा, देवळात जाणारा प्रत्येक माणूस तुझ्यासमोरून जायचा. "काय शिंपीदादा, माझा सदरा झाला का?" एक जण विचारायला थांबला की दुसरा तुझ्या हातातलं काम बघायचा आणि स्वतःचं कापड घेऊन यायचा. काम तुझ्याकडे आपल्या पायांनी चालत यायचं. तुला कुणाच्या दारी जावं लागत नव्हतं.

माजघरात एक झरोका. तिथे यायचं तर बाजूच्या बोळातून, विहिरीजवळच्या चिखलातून, मागच्या दारी येऊन हाक मारायची. जुनी गिऱ्हाइकं काही दिवस आली. मग समोरच्या ओट्यावर तो नवा शिंपी बसला. त्याच्या हाताला तुझी सफाई नव्हती हे सगळं कल्याण म्हणायचं, पण तो रस्त्यावरून दिसत होता.

मी दिवाळीला यायचो तेव्हा तू भर दुपारी पणती लावून शिवत बसलेला असायचास. मी काय म्हणालो होतो माहीत आहे? "दादा, तेल जरा जास्तच जळतंय." लाज वाटते लिहायला.

सहाव्या वर्षी तू ठाण्याला आला होतास, तो दिवस तर मला विसरताच येत नाही. धोतराच्या ओच्यात दोनशे दहा रुपये बांधून आणले होतेस. तू ओच्याची गाठ सोडलीस, रुपये माझ्या चटईवर ओतलेस आणि म्हणालास, "सदू, एवढेच तू घाल. ओटी सोडवून टाकू."

माझ्याकडे होते, दादा. दोनशे तीस होते. आज खोटं कशाला बोलू?

पण मी तुला गणित शिकवलं. "अरे, व्याज चालू असतं तर मीच घाई केली असती. इथे काही वाढतच नाही. आज दिले काय नि पाच वर्षांनी दिले काय, चारशेच ना? मग हे पैसे तुझ्या धंद्यात घाल. कापड घेऊन ठेव."

तू रुपये एकावर एक रचायला लागलास. "तुझं बरोबर असेल रे," म्हणालास. "पण तिथे उजेड असतो."

मी हसलो. उजेड काय आपल्या कागदात लिहिलाय का, असं काहीतरी बोललोही. तू पैसे परत बांधलेस. तू नको नको म्हणत असताना हिनं तुला जेवायला बसवलं, आणि संध्याकाळच्या गाडीनं तू कल्याणला गेलास. माझ्या दोनशे तीस रुपयांच्या मी हिला पाटल्या केल्या. तुझे पैसे तर दोन पावसाळ्यांत, गिऱ्हाईक नसताना, घरखर्चातच गेले असं वहिनींनी नंतर सांगितलं. तू पुन्हा कधी विषय काढला नाहीस. का नाही काढलास? एकदा माझ्यावर ओरडायचं होतंस! थोरला होतास ना?

आणि तो कोट. मला बढती मिळाली तेव्हा काळ्या बनातीचा कोट शिवायला म्हणून कापड घेऊन मी तुझ्याकडे आलो होतो. तू कापड हातात घेतलंस, बोटांनी चाचपलंस आणि परत दिलंस. "ठाण्याचे शिंपी बरे शिवतात साहेबी कपडे," म्हणालास. मला राग आला. मला वाटलं, माझी बढती तुला खुपली. चार महिने मी कल्याणला फिरकलो नाही. असा मी भाऊ!

खरं काय ते कळलं तू गेल्यावर. तेही मी दुसऱ्याच कामाला गेलो होतो म्हणून.

मार्गशीर्षात गणूशेट मला कचेरीत भेटायला आला. म्हणाला, "आता घर ठेवून काय करणार? सगळं मलाच द्या. कर्ज माफ, वर तीनशे रुपये देतो. वहिनींना तुम्ही ठाण्याला घेऊन जा." मला पटलं. दोन रात्री हिशोब केला, तेव्हाही पटलं. मग वहिनींना पटवायला गेलो. त्या मागच्या दाराच्या उंबऱ्यात बसून चोळी शिवत होत्या. हल्ली आळीतल्या बायकांच्या चोळ्या शिवूनच त्यांचं घर चालतं. मी सगळं समजावून सांगितलं आणि शेवटी म्हणालो, "वहिनी, निदान सतरा वर्षं व्याज तरी भरावं लागलं नाही."

त्यांनी चोळी मांडीवर ठेवली.

"भावजी, बाकी तुम्ही म्हणाल ते खरं," त्या म्हणाल्या. "पण व्याज भरलं नाही असं नका म्हणू. त्यांनी रोज भरलंय."

"म्हणजे?"

"दहाव्या वर्षापासून सुईत दोरा मी ओवून देत होते. सकाळी उठून वीस सुया ओवायची, उशीला टोचून ठेवायची. दिवसभर त्यांना पुरायच्या. मग काळ्या कापडावर काळा दोरा दिसेना. काळं काम सोडलं. पुढे निळं सोडलं, हिरवं सोडलं. शेवटची तीन वर्षं नुसती पांढरी टोपडी नि सदरे. त्यातसुद्धा टाका चुकला की मी उसवून परत घालायची, त्यांना न कळू देता. तुमचा कोट त्यांनी का परत दिला असेल असं वाटलं तुम्हाला?"

दादा, सगळ्या कल्याणात ज्याचा टाका नावाजलेला, तो तू पांढऱ्या कापडावर चाचपडत होतास, आणि मी तुझ्यावर रुसून ठाण्यात बसलो होतो!

"मला सांगायचं नाही का, वहिनी?"

"मी म्हणाले होते, भावजींना कळवू. ते म्हणाले, त्याला वाईट वाटेल. त्याच्या लग्नाचं कर्ज आहे."

त्या दिवशी ठाण्याला परतल्यावर मी पाटी घेऊन बसलो. जे गणित सतरा वर्षांपूर्वी करायला हवं होतं, ते तेव्हा केलं. बाजारात तसल्या ओटीचं भाडं सुरुवातीला चार रुपये होतं, मग पाच झालं, आता सहा आहे. पाच धरले तरी वर्षाचे साठ. शेट व्याज मागत होता ते वर्षाचे अठ्ठेचाळीस! म्हणजे माझ्या हुशारीनं आपण दर वर्षी बारा रुपये जास्त दिले. सतरा वर्षांत चारशे रुपयांपोटी एक हजार वीस रुपयांचं भाडं शेटला सोडलं, आणि मुद्दलातला एक रुपयाही हलला नाही. उलट कौलांचे आणि भिंतीचे एकशे दहा त्याला चिकटले. व्याज असतं तर ते दर महिन्याला टोचलं असतं, आपण धडपड करून फेडलं असतं. काहीच टोचत नव्हतं म्हणून मी स्वस्थ बसलो.

तुझं गेलेलं काम मी यात धरलेलं नाही. डोळे कसे धरणार? ते मांडायला गेलो आणि पाटी पुसून टाकली.

ठाण्यात घराला जागा घ्यायची म्हणून मी साडेपाचशे जमवले होते. हिला भीत भीत विचारलं. ही म्हणाली, "ते घर आपल्याच लग्नात अडकलंय ना? मग त्यात विचारायचं काय?" माझ्यापेक्षा तिला लवकर कळतं.

गणूशेटनं पाचशे दहा मोजून घेतले. मी डागडुजीवरून कुरकुर केली, तेव्हा त्यानं कागद माझ्यापुढे सरकवला. "कारकून, अक्षर तुमचंच आहे. मी एक ओळ वाढवली नाही." खरंच वाढवली नव्हती. त्याच्यावर रागावता आलं असतं तर किती बरं झालं असतं!

आता ओटीचं सांगतो. ती सुटली त्या सकाळी मी झाडली, सारवून घेतली, चटई घातली आणि वहिनींना म्हटलं, या, इथे बसून शिवा. आळीत कुजबूज झालीच, नवरा गेलेली बाई रस्त्यावर काय बसते म्हणून. मी म्हटलं, बोलू देत. वहिनी आल्या, बसल्या. चार टाके घातले आणि डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. मला वाटलं, तुझी आठवण आली. त्या म्हणाल्या, "नाही हो, उजेड सोसत नाही. सवय गेली." आणि चोळी उचलून माजघरात गेल्या. रोज थोडा वेळ येतात, तेच होतं, परत आत जातात. तुझ्या शेजारी बसून त्यांनीही सतरा वर्षं काढली होती, हे माझ्या पाटीवर कुठेच नव्हतं.

आणि आज हा तेलवाला. सगळे म्हणतात, जागा रिकामी पडलीय, बाई आतच बसते, महिना सहा रुपये येतील, देऊन टाका. वहिनीसुद्धा म्हणाल्या, "तुम्हाला योग्य वाटेल तसं करा, भावजी." अगदी तुझ्यासारखं! मला धडकीच भरली. गणित अगदी बरोबर आहे, दादा. मागच्या वेळीही मला असंच अगदी बरोबर वाटलं होतं.

म्हणून तुला कागदावर नाही, तोंडानं वचन देतो, आणि ऐकणारं कुणी नाही तरी देतो. उद्या सकाळी तेलवाल्याला नाही म्हणून सांगणार आहे. त्याचे सहा रुपये दर महिन्याला मी माझ्या पगारातून वहिनींना देईन. दर रविवारी येऊन ओटी झाडीन. आज त्या दारापर्यंत बसतील, पुढच्या महिन्यात हातभर पुढे, जेवढं सोसेल तेवढं. वर्ष लागो, पाच वर्षं लागोत. त्या कधीच पुढे आल्या नाहीत, तरी ती जागा त्यांच्यासाठी उघडी राहील आणि तिथे दुसऱ्या कुणाचं पोतं पडणार नाही. यात तोटा किती होतो ते मला कुणी विचारलं, तर मी मोजलेला नाही म्हणून सांगेन.

तुझा धाकटा भाऊ,
सदू