निमगोरी

तीर्थरूप आबांना,
नागपूरहून उत्कर्षाचा नमस्कार, आणि लगेच भांडण.

मी बरी हाय. खोली हवेशीर हाय, जेवण जरा तिखटच. काळजी नको. तुमचा गुडघा कसा हाय? तेल लावत जा.

तुमी त्या उजेडपंथात गेलात, मी काही बोलले न्हाय. रंग वस्तूचा नसतो, उजेडाचा असतो, हे मलाही पटलं. आईनं 'हिरवी मिरची' म्हटलं की तुमी तिला 'हिरवी दिसणारी' म्हणायला लावता. बिचारी भाजीवाल्याकडंही तसंच मागते का?

पण आई फोनवर म्हणाली, इंदापूरच्या पाहुण्यांना तुमी 'पोरगी निमगोरी हाय' म्हणून सांगितलं. आणि बघायचा कार्यक्रम मुद्दाम दिवेलागणीला ठेवला! आबा, एवढं तत्त्वज्ञान शिकून शेवटी लेक अंधारात खपवायची?

मी रविवारी काटेवाडीला येते. पाहुण्यांना भर दुपारी बोलवा, अंगणात बसवा. माझा रंग विचारला तर तुमचं नाव सांगा. आजीनं उन्हात नीट बघूनच तुमाला सावळाराम म्हटलं असंल.

तुमच्याच रंगावर गेलेली,
उत्कर्षा