तू केलेली माझी नक्कल

प्रिय मधू,

काल तुझी शोकसभा झाली. कॉलेजच्याच हॉलमध्ये. प्राचार्य तुझ्या इंग्रजीवर बोलले. मग तुझा एक विद्यार्थी उठला, म्हणाला, सरांना रडणं आवडायचं नाही, आपण त्यांना हसून निरोप देऊ. आणि तू दरवर्षी करायचास ती गाजलेली नक्कल त्याने केली. कमरेवर हात, मान तिरकी, रुमालाने ओठ टिपत 'अय्या, बोना!' हॉल हसला. वहिनीसुद्धा डोळे पुसता पुसता हसल्या. त्या पोराला काय ठाऊक, की ज्याची नक्कल चाललीय तो समोरच बसलाय!

मला चार शब्द बोलायला सांगितलं होतं. मी नको म्हणालो. जे बोलायचंय ते तुझ्याशीच, म्हणून हे लिहितोय.

राजारामपुरीतली तुझी खोली आठवते? दोघेही नवे प्राध्यापक, तू इंग्रजीचा, मी इतिहासाचा. रविवारी संध्याकाळी तू रेडिओचा काटा लंडनवर आणायचास. खरखरीतून विनोदी कार्यक्रम यायचा आणि त्यात ते दोन पुरुष, लाडिक आवाजात भलतीच भाषा बोलणारे. 'बोना' म्हणजे छान. 'वाडा' म्हणजे बघ. शब्दकोशात यातलं काही नव्हतं. विलायतेला जाऊन आलेल्या कुणीतरी तुला अर्थ सांगितले होते.

"आपल्यासारख्यांचे शब्द हायत हे," तू म्हणालास. "पोलिसांना कळू नयेत म्हणून."

अशा पुरुषांना तिकडे तेव्हा तुरुंग होता आणि त्यांचीच बोली घराघरांत वाजत होती. अर्ध्या लोकांना तर आपण कशाला हसतोय हेही कळत नसणार. पण मी अडकलो होतो तुझ्या 'आपल्यासारख्यांचे' या शब्दात. तोवर तो आपल्यापैकी कुणीच उच्चारला नव्हता. मग कार्यक्रम संपेपर्यंत आपण एकमेकांकडे न बघता रेडिओकडेच बघत बसलो.

पुढे ते शब्द आपले झाले. रस्त्यात कुणी देखणा दिसला की तू हळूच 'वाडा' म्हणायचास. एकदा पानवाल्यानं ऐकलं आणि विचारलं, "पावणं, भाड्यानं पायजे काय वाडा?" कोपऱ्यापर्यंत हसत पळालो होतो आपण. इतका मी नंतर कधी हसलो नाही, मधू.

मग कुजबुज सुरू झाली. दोघं सारखे एकत्रच कसे, लग्नं का करत नाहीत. तुला कोडोलीचं स्थळ आलं होतं आणि मुलीचे वडील चौकशीला थेट स्टाफरूममध्ये येऊन गेले. तू घाबरलास. ते मी समजू शकतो. मीही घाबरलो होतो.

पण स्नेहसंमेलनात तू जे केलंस ते भीतीपोटी केलंस, असं कसं म्हणू? तू तालीम केली होतीस! माझी चाल, माझा रुमाल, बोलताना माझी मान कशी कलते, सगळं उचललं होतंस. ज्याने इतक्या प्रेमाने माझ्याकडे पाहिलं होतं, त्यालाच ते जमणार होतं. आणि वर आपले ते शब्द. पहिल्या मिनिटाला हॉलने मागे वळून माझ्याकडे पाहिलं.

त्यानंतर तुझ्याबद्दल कुणी कुजबुजलं नाही. सोमवारी माझ्या वर्गात फळ्यावर 'बोनाबाई' लिहिलेलं होतं. बाजारात, बसस्टॉपवर, पोरं मागून तेच ओरडायची. वर्ष संपायच्या आत मी नोकरी सोडून गडहिंग्लजच्या शाळेत गेलो. तुझं लग्न झालं. नक्कल मात्र दरवर्षी होतच राहिली. लोकाग्रहास्तव, नाही का?

एकदा तू गडहिंग्लजला आलास. चहा अर्धाच घेतलास. मग म्हणालास, "शरद, गंमत हुती रं ती. तिकडं लंडनात सगळी हसत्यात की."

"तिकडं ते दोघं मिळून लोकांना हसवतात," मी म्हणालो. "तू लोकांत जाऊन बसलास आणि मला एकट्याला वर उभं केलंस."

तू घड्याळ बघितलंस. कोल्हापूरची एस.टी. चुकेल म्हणालास.

आजारपणात तू मला बोलावलं होतंस. मी आलो नाही. त्याचं मला वाईट वाटत नाही, हे तुला कळावं म्हणून मुद्दाम लिहितोय. माफी मागणार होतास का? की मरताना जवळ कुणीतरी आपलं हवं होतं? यातलं काहीच तुला मिळू नये, असंच मला वाटलं.

काल सभा संपल्यावर प्राचार्य म्हणाले, यंदाचं स्नेहसंमेलन तुझ्या स्मरणार्थ करायचंय, आणि मी तुझा जुना मित्र, म्हणून पाहुणा मीच. मी होकार दिलाय.

तुला वचन देतो, मधू. त्या दिवशी मी स्टेजवर जाईन आणि तू स्वतःत इतकी वर्षं झाकून ठेवलेल्या त्या दुसऱ्या माणसाची नक्कल करीन. त्याची चाल मला पाठ आहे. बंद खोलीत माझं नाव घेताना त्याचा आवाज कसा व्हायचा, तेही. वहिनी पहिल्या रांगेत असतील. हॉल हसला तर हसू दे.

तुझा,
शरद