दोनदा बसून उठणं म्हणजे हो

प्रिय भिडू,

पाकिटावरचं अक्षर तू ओळखलं असशीलच. दातांच्या लॅबमधल्या प्रत्येक साच्यावर पेशंटचं नाव मीच लिहायचे, आणि हिचं अक्षर आपल्या कवळ्यांपेक्षा सरळ येतं, असं तू येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचास. तर पहिली बातमी. कानाचं ऑपरेशन होऊन आज तेवीस दिवस झाले. टाके निघाले, कानामागचे भादरलेले केस खुंटाएवढे वाढले, आणि कालपासून उजव्या कुशीवर झोपायची परवानगी मिळाली. ऐकायच्या यंत्राचा आतला भाग बसवून झालाय, बाहेरचा अजून लावायचाय. तोवर उजवा कान पूर्ण बंद. डावा तर मी सात वर्षांची असतानाच गालगुंडाने नेला होता. त्यामुळे सध्या वहिनी चिडून भांडी आपटते तेव्हा मला फक्त तिचा चेहरा दिसतो, आणि मी हसते म्हणून ती आणखी चिडते. दादा दोघींच्या मध्ये पडत नाही. तो पहिल्यापासूनच हुशार.

लॅबमध्ये तुझ्या बाकावर मालकांनी अजून कोणाला बसवलेलं नाही. तीन वर्षं झाली, तिथे प्लॅस्टरची पोती असतात. पोती तुझ्यापेक्षा कमी बडबड करतात, असं मालक म्हणतात. माझा उजवा कान जायला लागला तो त्याच खोलीत. आधी पॉलिशच्या चाकाची बारीक किरकिर गेली, मग फोनची घंटी, मग बायकांचे आवाज. तुझा आवाज जाड, म्हणून तो शेवटपर्यंत टिकला. बाकीच्यांपुढे मी नुसती मान डोलवून वेळ मारून न्यायचे. एकदा जेवणाच्या सुट्टीत मी सगळ्यांना विचारलं होतं, माझं बोलणं बिघडलंय का. सगळे म्हणाले, छे, काहीतरीच काय. तू तोंडातला घास संपवलास आणि म्हणालास, ‘बिघडलंय. शब्द अर्धे खातेस आणि उरलेले ओरडून सांगतेस.’ दोन दिवस मी तुझ्याशी बोलले नाही. तिसऱ्या दिवशी मनाशी ठरवून टाकलं की जगात एवढ्या एका माणसाचं म्हणणं तपासून बघायचं नाही.

खेळाचं खूळ डोक्यात घातलंस तेही तूच. सुट्टीच्या दिवशी मी घरात घुम्यासारखी बसते हे दादाने तुला सांगितलं, आणि तू तुझं जुनं कन्सोल आमच्या टीव्हीला जोडून दिलंस. पडक्या शहरातून औषधं आणि पेट्रोल गोळा करत चौघांनी बंदर गाठायचं, एवढाच तो खेळ. पण चौघांतले दोघं नेहमी अनोळखी, आणि ते हेडफोनमधून ओरडणार, मागे बघ, डावीकडे वळ, पळ. मला काय कप्पाळ ऐकू येणार? मी मख्खासारखी उभी राहायचे, सगळे मरायचे, आणि मग पडद्यावर लिहून यायचं, बहिरी आहेस का? मी लिहायचे, हो. त्यांना तो उद्धटपणा वाटायचा. अशा दोन-तीन रविवारांनंतर मी कन्सोल गुंडाळून परत द्यायला काढलं, तेव्हा तू खुणा काढल्यास. खेळातल्या माणसाला बसता येतं, उडी मारता येते, टॉर्च लावता येतो, तेवढं आपल्याला पुष्कळ, असं म्हणालास. दोनदा बसून उठणं म्हणजे हो. एक उडी म्हणजे नाही. टॉर्च दोनदा लुकलुकला की मागे कोणीतरी आहे. स्वतःभोवती गिरकी म्हणजे कळलं नाही, परत सांग. आणि भिंतीकडे तोंड करून उभं राहिलं तर आज मन ठिकाणावर नाही, काही विचारू नकोस, नुसतं बरोबर चाल. हेडफोन तू लावायचास, सगळ्यांचं तू ऐकायचास आणि टॉर्चने मला सांगायचास. एका अनोळख्याने लिहिलं होतं आठवतं, हे दोघं सारख्या उठाबशा का काढतात, शाळेत शिक्षा झालीय का? मी हसून हसून बेजार झाले आणि त्या नादात बोट चुकली.

तू दुसऱ्या शहरात गेलास तेव्हा आपल्यात उरला तो रविवार सकाळी दहाचा खेळ. फोन माझ्या कामाचा नाही, आणि लांबलचक मेसेज लिहायचा तुला कंटाळा. तुझं नाव ‘अक्कलदाढ’, माझं ‘दाढदुखी’. दहाच्या ठोक्याला तुझ्या नावापुढचा हिरवा ठिपका पेटला की माझा आठवडा सुरू व्हायचा. माझ्याकडे कीबोर्ड, म्हणून मी आठवडाभराचं सगळं टाइप करायचे. तू कंट्रोलरने एकेक अक्षर वेचायला आळशी, म्हणून तू खुणा करायचास, फार तर एखादा शब्द. माझी त्याला कधी हरकत नव्हती. मला सांगायला कोणीतरी हवं होतं आणि तू ऐकत होतास.

या वर्षाच्या सुरुवातीला तू बदललास. पहिले दोन रविवार तू भिंतींवर धडकत होतास, मी लिहिलं, चष्म्याचा नंबर वाढला वाटतं, म्हातारा झालास. तू दोनदा बसलास. मग हळूहळू तुझा हात बसला, पण खेळ निराळाच. दारापाशी थांबून आधी मला आत जाऊ द्यायचास. औषधांची सगळी खोकी माझ्या पायाशी आणून टाकायचास. मी पडले तर गोळ्यांच्या माऱ्यात मला उठवायला यायचास. पूर्वीचा तू मला तिथेच सोडून आधी पेट्रोल उचलायचास आणि वर म्हणायचास, भावना नंतर. मला वाटलं, एकटं राहून माणूस निवळला. खोटं कशाला लिहू, मला वाटलं, माझ्यासाठी निवळला. त्या सात महिन्यांत मी तुला काय काय सांगितलं ते आता आठवलं की कानशिलं तापतात. एका स्थळाकडून आलेला नकार, बाबांशी झालेलं भांडण, लॅबमध्ये बाथरूममध्ये जाऊन रडले ते. मी भिंतीकडे तोंड केलं की तूही येऊन शेजारी भिंतीकडे तोंड करून उभा राहायचास. असं तर आपलं ठरलेलंही नव्हतं.

आणि मग मी तो प्रश्न विचारला. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं की यंत्र बसवलं तर त्या कानात उरलंसुरलं आहे ते बहुधा जाईल, आणि गेलेलं परत येणार नाही. उरलंसुरलं म्हणजे किती, तर कंप्रेसरची घरघर, ढगांचा गडगडाट आणि बाबांचा खोकला. लोकांना हसू येईल, पण बाबा घरात कुठे आहेत हे मला त्या खोकल्यावरून कळायचं. बाबा म्हणाले, हातात आहे ते घालवू नकोस. दादा म्हणाला, तुझं तू ठरव. वहिनी म्हणाली, कर बाई एकदाचं. मी तीन रविवार तुला विचारत राहिले. पहिल्यांदा तू गिरकी घेतलीस. दुसऱ्यांदा शेजारी येऊन नुसता उभा राहिलास. तिसऱ्या रविवारी मी लिहिलं, त्या दिवशी जेवताना सांगितलंस तसं खरं सांग, करू का? तू दोनदा बसलास आणि उठलास. मी सोमवारी जाऊन सही केली. पुढच्या रविवारी लिहिलं की यंत्र सुरू करायच्या दिवशी पहिला आवाज तुझा हवा, येशील का? त्यालाही तू हो म्हणालास.

टाके निघाल्यावरच्या रविवारी मी खेळायला बसले. हिरवा ठिपका पेटला आणि पडद्यावर एक अख्खं वाक्य आलं. मग दुसरं. मग तिसरं. ‘बाळ, दुखतंय का अजून? नवा कीबोर्ड आणलाय मी. आता बोटं शिलाई मशीनवरच्यासारखी चालतात.’ मी गिरकी घेतली. दुसरं काय करणार? तिकडून आलं, ‘अगं, मी काकू, त्याची आई. इतकं सगळं लिहिता आलं नव्हतं ना कधी, म्हणून आज लिहितेय.’ मग त्या भरभरून लिहीत गेल्या. खुब्याचं हाड मोडलं म्हणून मुलाकडे राहायला आल्या, तीस वर्षांची शिवणकामाची सवय सुटली, घरात बसून जीव आंबला, तेव्हा त्याने हातात हा खेळ दिला. ‘त्याला रविवारी सायकलवाल्या मित्रांबरोबर जायचं असतं, आणि तुझा खेळ चुकायला नको. सगळ्या खुणा त्याने वहीत लिहून दिल्यात. तू मला अरे-तुरे करतेस त्याची फार गंमत वाटते, तो म्हणाला खेळात सगळ्यांना तसंच बोलतात.’ आणि शेवटी लिहिलं, ‘तुला त्याने पहिल्याच दिवशी सांगितलंय ना, की आता मी खेळते?’ त्याला मी काय उत्तर दिलं ते शेवटी सांगते. आधी तुझ्याशी बोलायचंय.

वहीत लिहून दिल्यास? लॅब सोडताना कुठला साचा कोणाचा याची यादी मालकांच्या हातात ठेवलीस, तशी? भिंतीची खूणसुद्धा दिलीस? मला एका ओळीत सांगितलं असतंस, रविवार जमत नाही, कंटाळा आला, तर मी महिनाभर फुगून बसले असते आणि मग सावरले असते. तुला सायकल चालवायची होती यात गुन्हा काय आहे? पण तू मला न सांगता उठून गेलास आणि तुझ्या जागी तुझा हिरवा ठिपका ठेवलास. माझी तुला दया आली. हेच मला सहन होत नाही. जगात सगळे माझ्यावर दया करतात, तू करत नव्हतास, म्हणून तर मी तुझ्याकडे आले होते.

आणि तुला माहीत नव्हतं असंही म्हणायची सोय तू ठेवली नाहीस. काकूंनी लिहिलंय की मी पहिल्यांदा विचारलं त्याच संध्याकाळी त्यांनी तुला सांगितलं, ती मुलगी ऑपरेशनचं विचारतेय, मी काय सांगू? तू म्हणालास, तुला वाटेल ते सांग. भिडू, तुला वाटेल ते सांग! माझा शेवटचा कान होता तो. काकूंनी बिचाऱ्यांनी दोन आठवडे विचार केला. त्यांनी हो का म्हटलं तेही लिहिलंय, की जिला करायचंच नसतं ती तीन-तीनदा विचारत नाही. त्यांचं कदाचित बरोबर असेल. कदाचित तूही हेच सांगितलं असतंस. पण मी त्यांना विचारलं नव्हतं, तुला विचारलं होतं, आणि तू काय म्हणाला असतास हे आता मला कधीच कळणार नाही. तेवीस दिवस बाबा माझ्या मागे येऊन उभे राहतात आणि मला पत्ता लागत नाही. दर वेळी दचकते आणि दर वेळी तू आठवतोस.

आता काकूंच्या प्रश्नाचं. एका बाईने सात महिने माझ्यावर माया केली, औषधांची खोकी माझ्या पायाशी आणून ठेवली, आणि तिला वाटत होतं की मी हे सगळं तिलाच सांगतेय. नाही म्हटलं असतं तर तिला कळलं असतं की तिच्या मुलाने तिच्या हातून मला फसवलं. मी दोनदा बसले आणि उठले. आपल्या खुणांमध्ये मी बोललेलं ते पहिलं खोटं. यंत्र बुधवारी सुरू करणार आहेत. काकूंनी कळवलंय की त्या काठी टेकत येणार आहेत आणि त्यांना घेऊन तू येणार आहेस, म्हणून हे पत्र लिहितेय. तू येऊ नकोस. त्यांना गाडीत बसवून दे, दादा उतरवून घेईल. कामाचं काहीतरी सांग, तुला सुचेल. आणि मला माहीत नव्हतं हे त्यांना कधीही कळू देऊ नकोस, तुझं मन हलकं करायचं असलं तरी. डॉक्टरांनी बजावलं होतं की पहिल्या दिवशी ओळखीच्या आवाजाचं माणूस आणा, डोक्यात जो आवाज शाबूत आहे त्याच्याशी मेंदू ताडून बघतो. माझ्या डोक्यात शाबूत असलेला आवाज कोणाचा, हे तुला वेगळं सांगायला नको. काल मी डॉक्टरांना लिहून दिलं की जे माणूस येणार आहे त्याचा आवाज मी कधीच ऐकलेला नाही. त्यांनी खाली लिहिलं, मग कळायला फार वेळ लागेल. मी म्हटलं, लागू दे.

एके काळची तुझीच,
दाढदुखी