शेवटच्या शून्याच्या जागी एक करण्याबाबत

प्रति,
मा. मुख्य वैद्यकीय अभिलेख अधिकारी,
मध्यवर्ती रुग्णालय, तळमजला,
खोली क्र. ४ (जिन्याखालची).

विषय : माझ्या आजाराच्या कोडमधील शेवटचा अंक शून्याऐवजी एक करून मिळणेबाबत.

संदर्भ : १) माझे यापूर्वीचे दोन अर्ज, दोन्ही परत आलेले. २) 'कागदावर नाही ते झालेले नाही' हे आपले परिपत्रक, जे मीच टाईप केले होते.

महोदय,

वरील विषयास अनुसरून सविनय सादर करते की, मी आपल्याच कार्यालयात कोडिंग टेबलावर एकोणीस वर्षे काम करीत आहे. डॉक्टर आजार शब्दांत लिहितात, मी त्याला आकड्यांचा कोड लावते, आणि पुढची सगळी खाती शब्द न वाचता तेवढा कोड वाचतात. एका दुखण्यातून दुसरे उद्भवले असे डॉक्टरांनी स्वच्छ लिहिले नसेल, तर गुंतागुंत नाही असे धरून शेवटी शून्य लावायचे, हा आपला नियम. तो मी इतक्या निष्ठेने पाळला की वॉर्डांत मला शून्यताई म्हणतात. मला त्याचा अभिमान होता.

१. यंदा मला संसर्गजन्य मोनोन्यूक्लिओसिस झाला. ताप, घसा सुजलेला, मानेला गाठी. हा आजार लाळेतून पसरतो व बहुधा कॉलेजच्या वयात होतो, ही माहिती आवक-जावक विभागाने माझ्याआधी वाचली. चव्वेचाळिसाव्या वर्षी तो मला कसा झाला, याचा तपास तिथे अद्याप चालू आहे. माझ्या यजमानांना रोज कोणी ना कोणी हसून तब्येत विचारते. याबाबत तक्रार नाही, केवळ नोंद असावी.

२. तिसऱ्या आठवड्यात हातापायांना मुंग्या आल्या आणि मग जोरच गेला. डॉक्टरांनी फाईलच्या पहिल्या पानावर आजाराचे नाव लिहिले व तिसऱ्या पानावर 'अनेक नसांना सूज, हातपाय अशक्त' असे लिहिले. पहिल्या पानाचा तिसऱ्याशी संबंध जोडणारे वाक्य मात्र राहून गेले.

३. आता चूक सांगते. कोडिंग टेबलावर मी एकटीच असल्याने माझी फाईल माझ्याकडेच आली, वॉर्ड क्र. ६ मधल्या खाटेवर. उजवी बोटे चालेनात म्हणून डाव्या हाताच्या एका बोटाने मी कोड लावला : बी-२७.९०. पांघरूण ओढून घेण्याचे बळ अंगात नव्हते, पण संबंध जोडणारे वाक्य नाही हे बरोबर दिसले. नसांच्या गुंतागुंतीला शेवटी एक लागतो, हे मी झोपेतही सांगेन. तरी हाताने शून्यच लावले. सवय वाईट असते, महोदय.

४. तेव्हापासून मी ठणठणीत आहे. व्यायामोपचार कक्षात शेवटी एक असलेल्या नसांच्या रुग्णांनाच नंबर मिळतो. खिडकीवरच्या बाई म्हणाल्या, "ताई, तुम्हाला काही झालेलंच नाही, मग व्यायाम कशाचा देऊ?" मी तेव्हा दाराची कडी धरून उभी होते. डॉक्टरांकडे गेले, तर ते उखडले : "लिहिलंय की मी तिसऱ्या पानावर! खुलासा हवा असेल तर कोडिंग टेबलानं दहा दिवसांत फॉर्म पाठवायचा असतो." ते दहाही दिवस कोडिंग टेबल वॉर्ड क्र. ६ मध्ये सलाईनवर होते.

५. माझा पहिला अर्ज सही जुळत नाही म्हणून परत आला. शेरा असा : 'अर्जदारास कोणतीही गुंतागुंत नसल्याने सही बदलण्याचे कारण दिसत नाही.' दुसरा अर्ज अभिप्रायासाठी कोडिंग टेबलाकडे, म्हणजे माझ्याकडे आला. मी तो दोनदा वाचला. आधार अपुरा होता. नामंजूर केला. यजमान म्हणाले, "स्वतःच्या हातानं स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतलास." पायाला सध्या काही कळत नसल्याने मी वाद घातला नाही.

६. नसांचे डॉक्टर म्हणतात, सहा महिन्यांच्या आत व्यायाम सुरू झाला तर माझा हात बराचसा परत येईल. नंतरचे ते सांगत नाहीत, खिडकीबाहेर बघतात. आज अठ्ठ्याण्णवावा दिवस आहे. सासूबाईंच्या डोळ्यांत रोज सकाळी मी औषधाचे थेंब घालते. हल्ली ते नाकावर पडतात. त्या बिचाऱ्या म्हणतात, "सूनबाई, डोळा जरा वर आहे गं." मला भीती वाटते. हे वाक्य अर्जाच्या नमुन्यात बसत नाही, तरी राहू द्यावे.

आणखी एक बाब, जी आधीच्या अर्जांत मी लिहिली नव्हती. व्यायामोपचार कक्षाबाहेरच्या बाकावर मला घड्याळ दुरुस्त करणारे एक काका भेटले. दोन वर्षांपूर्वी त्यांना हाच आजार झाला, नसांचे दुखणेही हेच. त्यांच्या फाईलवरचे शून्य माझे आहे. तेव्हा ते माझ्या खिडकीशी येऊन म्हणाले होते, "ताई, शून्य म्हणजे मी बरा झालो का?" मी म्हटले होते, "कागदावर तरी हो," आणि जेवणाची वेळ झाली म्हणून खिडकी लावून घेतली होती. आता त्यांच्या बोटांत चिमटा राहत नाही. दुकानात बसून ते धाकट्या भावाला तोंडी सांगतात, कुठला स्क्रू कुठे. तरीही दर सोमवारी नंबर लागला का ते बघायला येतात. मला पाहून ते सरकले, बाकावर जागा केली आणि म्हणाले, "बसा. तुमचंही शून्यच का?"

महोदय, मला लाज वाटली. एकोणीस वर्षांत वाटली नव्हती.

तरी विनंती की, असे शून्य मी जिथे जिथे लावले त्या सर्व फाईली पुन्हा उघडाव्यात. पहिली त्यांची घ्यावी, माझी शेवटी. माझे ब्याऐंशी दिवस उरले आहेत. तेवढ्यात माझी पाळी येईल का, हे मी कामाच्या अनुभवावरून जाणते. तरीही क्रम बदलू नये.

हा अर्ज कृपया अभिप्रायासाठी कोडिंग टेबलाकडे पाठवू नये. तिथली बाई नियमाला पक्की आहे.

आपली नम्र व कागदोपत्री निरोगी,

(सही, जुळणार नाही)
कोडिंग टेबल, खोली क्र. ४

दिनांक : १४, आजाराचा अठ्ठ्याण्णवावा दिवस

सोबत :
१) माझ्या फाईलच्या पहिल्या व तिसऱ्या पानाची प्रत.
२) नोकरीच्या पहिल्या दिवशीची माझी सही, ताडून पाहण्यासाठी.
३) घड्याळवाल्या काकांच्या फाईलचा क्रमांक. तो शोधावा लागला नाही, मला पाठ आहे.