डेअरीतला खमीस

तालुका वडवणी, जिल्हा बीड
मंगळवार, दुपार

प्रिय खमीस,

हे पत्र तुला निवृत्ती तुझ्या भाषेत वाचून दाखवील. मराठीत लिहितोय, कारण माझं हिंदी बाजारापुरतं आणि तुझं माझ्याहून वाईट. फोनवर आपलं काय होतं तुला ठाऊक आहे. तू तिकडून अरबीत दोस्त म्हणून हाक मारतोस, 'सदीक, सब ठीक?' मी इकडून म्हणतो, 'सब ठीक,' आणि झालं बोलणं. म्हणून कागद घेतला. लिहून झालं की आमचा सेक्रेटरी उत्तरेश्वर मोबाईलवर त्याचे फोटो काढून पाठवणार आहे. आणि निवृत्ती, तू माझा भाचा असलास तरी ऐक बे, मी लिहिलंय तेवढंच त्याला सांग. मामाला काय म्हणायचं होतं ते तू तुझ्या डोक्यानं सांगत बसू नको.

गुडघा कसा आहे? अम्मा कशी आहे? तिच्या हातची माशाची कालवणं खाऊन मी जाड झालो होतो, आता उतरलो बघ. इकडं पाण्याचं काय सांगू! लातूरला रेल्वेनं पाणी आणायला लागलेत. आमच्या गावाला रेल्वे नाही, टँकर येतो. तो विहिरीत पाणी ओततो आणि मग सगळ्या गावाचे पोहरे एकाच वेळी त्या विहिरीत पडतात. ऊसतोडीला गेलेली माणसं यंदा लवकर परत आली, कारण तोडायला ऊसच नव्हता. माणसं कशीतरी भागवतात रे, पण जनावराला काय सांगायचं? माझ्या दोन गाई आहेत. सकाळी मी दावणीपाशी गेलो की त्या माझ्या हाताकडं बघतात. मी रिकामाच असतो.

आज संध्याकाळी आमच्या दूध संस्थेची सभा आहे. संस्था राहणार की मोडणार ते आज ठरेल. जीव नुसता टांगणीला लागलाय, म्हणून तुला लिहीत बसलोय, नाहीतर येरझारा घालून घरातल्यांचं डोकं खाल्लं असतं. मी चेअरमन आहे हे तुला माहीत आहे. चेअरमन म्हणजे खुर्चीत बसणारा माणूस असं तुला वाटत असेल, तर तसं काही नाही. सकाळी कॅन धुतो, फॅटचं मशीन लावतो, टेम्पो आला नाही की दूध संघाच्या माणसाला फोनवर शिव्या घालतो. तुमच्या फुटबॉल क्लबात कपडे-बूट सांभाळत होतो, इथं कॅन सांभाळतो.

दोन वर्षांपूर्वी एका खाजगी डेअरीची माणसं जीपमधून आली होती. संस्था सोडा, दूध आम्हाला घाला, दर जास्त देतो. निम्मं गाव निघालंच होतं. तेव्हाही अशीच सभा बसली. मला भाषण करता येत नाही. उभा राहिलो तर काही सुचेना, आणि तोंडातून तूच निघालास. मी म्हणालो, मी जिथं नोकरीला होतो तिथं एक पोरगा होता, मासे धरणाऱ्याचा. गोल मारत नव्हता, मधल्या फळीत खेळायचा. मागून चेंडू घ्यायचा आणि पुढच्याच्या पायाशी नेऊन ठेवायचा, आणि टाळ्या पुढच्याला मिळायच्या. त्याला न्यायला मस्कतच्या मोठ्या क्लबानं गाडी पाठवली. गाडीत बसला, मासळी बाजाराच्या चौकापर्यंत गेला, आणि तिथं उतरून बूट हातात घेऊन चालत परत आला. मी दोरीवर जर्सी वाळत घालत होतो. काहून परत आलास विचारलं, तर म्हणतो, इथं मी वाईट खेळलो तर शेजारची म्हातारी घरी येऊन शिव्या देते. तिथं मला कोण शिव्या देणार?

सगळी सभा हसली, खमीस. हसली आणि थांबली. एकसुद्धा घर गेलं नाही.

त्या दिवसापासून तू आमच्या गावचा झालास. इथं कुणी फुटबॉल डोळ्यानं बघितलेला नाही, पण सकाळी दूध घेऊन येणाऱ्याला 'या, खमीसराव' म्हणतात. माझ्याकडचा तुझा फोटो उत्तरेश्वरनं मोठा करून आणला, डेअरीच्या भिंतीवर लावला, आणि शहाण्यानं त्याला चंदनाचा हार घातला. मी ओरडलो, अरे मुडद्या, जिवंत माणूस आहे तो! पण तोवर त्यानं फोटो तुला पाठवलासुद्धा होता. तू फोन करून विचारलंस, हा हार कशाचा? मी म्हणालो, मानाचा. आज खरं सांगतो, आमच्याकडं तसला हार मेलेल्या माणसाच्या फोटोला घालतात. तेव्हा लाज वाटली म्हणून बोललो नाही.

आता यंदाचं. त्याच डेअरीवाल्यांनी वडवणीच्या रस्त्याला जनावरांची छावणी टाकली आहे. चारा आहे, पाणी आहे, वर सावलीला जाळी आहे. पण अट अशी, की जो दूध त्यांना घालील त्याचंच जनावर आत. सरकारी छावणी लांब, आणि तिथं आता जागा नाही. आमच्या संस्थेकडं काय आहे? कडब्याच्या चार पेंढ्या आणि माझं तोंड. मी सारखा सांगत आलोय, थोडं थांबा, संघाकडून पशुखाद्य येतंय, मी बीडला जाऊन बसतो. दोनदा जाऊन बसलो. साहेब मीटिंगला गेलेत एवढंच कळलं.

आणि लोक थांबलेत रे! संस्थेचा एक कॅन भरत नाही, टेम्पोवाला रोज म्हणतो उद्यापासून येणार नाही, तरी थांबलेत. आमच्यात वच्छलाबाई म्हणून एक आहे. एकटी बाई, एक म्हैस. संस्थेला पहिलं दूध तिनं घातलं होतं. तिची म्हैस गाभण आहे आणि आज सकाळी ती बसली. आमच्याकडं दुष्काळात जनावर बसलं की घरातलं बोलणं बंद होतं, कारण बसलेलं जनावर सहसा उठत नाही. आम्ही चौघांनी पोटाखाली पोतं घालून, बांबू लावून तिला उचललं. थरथरत उभी राहिली. मी घरची पेंढी नेऊन टाकली, तर वच्छलाबाई म्हणाली, "तुझ्या गाईला काय घालशील, माती?" मी म्हणालो, आजची सभा होऊ दे, सगळं होईल. तिनं पदर डोळ्यावर ओढला आणि म्हशीकडं वळली. मला वाटलं, उन्हामुळं.

बसल्या बसल्या तुझी सगळी वर्षं आठवतात. तुमचा क्लब स्पर्धेच्या खालच्या गटात पडला, ते साल आठवतं ना? एकेक जण बॅग भरून गेला. मी रिकाम्या खुंट्या मोजत बसायचो आणि तू रोज येऊन त्याच खुंटीला शर्ट अडकवायचास. दगडांच्या मैदानांवर खेळलास, तिथंच गुडघा गेला. देशाच्या संघात बोलावणं आलं तेव्हा अम्मानं गल्लीभर हलवा वाटला, आणि तुला बाकावर बसवून परत पाठवलं. लहान क्लबातला म्हणून, असं लोक बोलले. तू नुसते बूट घासत बसलास. मग दोन वर्षांनी क्लब वर आणलास, दंडावर कप्तानाची पट्टी बांधून. तुमचं सगळं गाव समुद्रावर नाचलं. मीही नाचलो, या वयात! हे सगळं आज सभेत सांगायचं ठरवलंय. एक पंधरवडा लोक धरून राहिले तर संस्था वाचेल. माझ्याजवळ दुसरं काही नाही, खमीस, तूच आहेस.

बोलवायला माणूस आला. बाकीचं आल्यावर लिहितो.

बुधवार, सकाळ

रात्रभर झोप नाही, अक्षर वाकडं येईल. निवृत्ती, सावकाश वाच.

सभेला सगळे आले होते. वच्छलाबाई पुढंच बसली होती. मी विचारलं, म्हैस कशी आहे? ती म्हणाली, "तू बोल आदी. तुझं होऊ दे." मग मी उभा राहिलो आणि बोललो. कधी नाही तेवढं चांगलं बोललो. खुंटीचं सांगितलं, दगडाच्या मैदानाचं सांगितलं, कप्तानाच्या पट्टीचं सांगितलं. बोलताना माझेच डोळे भरून आले. थांबलो आणि बघतो, तर कुणी हसलं नाही, मान हलवली नाही, सगळे वच्छलाबाईकडं बघतायत.

ती बसल्या जागेवरूनच बोलली. आवाज चढवला नाही. "गहिनी, म्हैस दुपारीच गेली. पोटातल्यासकट गेली. मी तुला सांगितलं न्हाई, तुझी सभा व्हती म्हनून." मी म्हणालो, बाई, मग तू छावणीला का नाही नेलीस? कालच न्यायची होतीस! तर म्हणाली, "कशी नेऊ? तू दारोदार फिरतोस, सोताच्या गाईची पेंढी मला आनून टाकतोस. मला वाटलं, सगळे गेले तर गहिनी एकला पडंल. तुझ्यापायी थांबले रं."

मग उत्तरेश्वर उठला. माझा सेक्रेटरी, रोज माझ्याशेजारी बसणारा. खाली मान घालून म्हणाला, "आमी समदेच तुझ्यापायी थांबलो व्हतो, नाना. छावनीचं आदीच ठरलं व्हतं आमच्यात. पर तुला सांगायचं कुनी? तू लई आशेनं बसलेला."

खमीस, मी त्यांच्यासाठी धरून बसलो होतो. मला वाटत होतं, मी सोडलं तर ही माणसं उघड्यावर पडतील. आणि ती माझं वाईट वाटू नये म्हणून आपली जनावरं उपाशी ठेवत होती. कुणी कुणाला बोललं नाही, आणि त्यात एक म्हैस मेली. मी सगळ्यांसमोर रडलो. चेअरमन रडला म्हणून आता गावभर होईल, होऊ दे. रडता रडताच म्हणालो, जा, उजाडायच्या आत जा, पहिल्यांदा गाभण जनावरं न्या. वच्छलाबाईच्या पाया पडलो. तिनं मला उठवलं आणि म्हणाली, "आता कशाला पडतोस? मला एक वासरी बघून दे कुटून तरी." ते मी बघणार आहे.

आज पहाटे वडवणीच्या रस्त्यानं सगळी जनावरं गेली. माझ्या दोन्ही गाई मीच सोडून त्यांच्याबरोबर धाडल्या, उत्तरेश्वरच्या नावावर. टेम्पो आला, त्याला म्हणालो आता येऊ नकोस. तो नेहमी भांडणारा, आज चहा पिऊन गेला. संस्था मेली असं मी म्हणणार नाही. पाऊस पडला आणि लोकांना वाटलं तर पुन्हा उघडू. वाटलं तर.

आता हे पत्र खरं तर कशासाठी लिहायला घेतलं ते सांगतो. निवृत्तीनं मला रविवारीच सगळं सांगितलं होतं. नव्या प्रशिक्षकाला तू नको आहेस, क्लबानं तुझा करार पुढं नेला नाही, आणि तू हे घरातसुद्धा बोलला नाहीस. डोंगराकडच्या गावच्या क्लबानं तुला दोन हंगामांसाठी मागितलंय, उद्या गुरुवारपर्यंत उत्तर हवंय, आणि तू नाही म्हणालास. निवृत्तीनं कारण विचारलं, तर म्हणालास, "गहिनीच्या गावाला काय सांगू? त्यांनी फोटोला मानाचा हार घातलाय." ते ऐकून माझी छाती फुगली होती रे! काल दुपारी कागद घेतला तो तुला शाबासकी द्यायला. वरचं सगळं लिहिलं ते त्यासाठीच. सभेत हेही मी फुशारकीनं सांगितलं, की बघा, खमीस आत्तासुद्धा हलला नाही, आणि तो आपल्यासाठी हलला नाही. सभा उठल्यावर वच्छलाबाई दारातून माघारी आली. म्हणाली, "त्या लेकराला पन कुनी तरी सांगा रं, जा म्हनावं." म्हणून सांगतोय. इथं तुझ्यासाठी कुणी थांबलेलं नाही आणि तू आमच्यासाठी थांबू नकोस. तुला अजून खेळायचंय हे मला माहीत आहे, खेळायचं नसतं तर तू नाही म्हणताना निवृत्तीसमोर रडला नसतास. उद्या सही कर, आणि मग मला फोन कर. सब ठीक म्हणू नको, खरं काय ते बोल.

तुझाच,
गहिनीनाथ