लिंबाची एकच बाजू

चि. अंगदला पुण्याहून अक्काचा आशीर्वाद. आधी तो घे, रागवायचं पुढं आहे.

मी बरी आहे. खोलीवर पाणी बराबर येतं, आईला सांग.

वासराचा फोटो पाहिला. गोड आहे. पण त्याच्यामागं बांधावरचा कडुलिंब अर्धा करपलेला दिसून राह्यला. तू म्हणालास, उन्हानं. औंदा शिमग्याआधीच तापलंय, खरंय. पण ऊन काय झाडाची एकच बाजू धरून लागतं? अन् तीही आपल्याच वावराकडची?

कापसाच्या पऱ्हाट्या जाळणार न्हाई, यंत्रानं बारीक करून मातीत घालीन, असा दिवाळीत शब्द दिल्तास. त्यानं ओल टिकते, हे तूच मला समजावलं होतंस. घनसावंगीहून यंत्र आलंच न्हाई का? मंग तसं सांगायचं. दरसाल ऊन वाढून राह्यलंय, त्यात आपला धूर कशाला?

आईला खोकल्याचं विचारलं, तर म्हणाली, मिरच्या भाजल्या. आठवडाभर कोण मिरच्या भाजतं?

उत्तर तूच लिही. फोन केला की तू आईच्या हातात देतोस, अन् तिला खोटं बोलता येत न्हाई. मधीच खोकला लागतो.

तुझी,
दैवशाला अक्का